फुलांची कोवळी रोपे सशांपासून कशी वाचवावीत?

झेंडू, ॲस्टर, शेवंतीची लागवड होते, रोपे मुळे धरू लागतात आणि एके दिवशी सकाळी बांधालगतच्या दोन-तीन सरींतील रोपांचे शेंडे गायब झालेले दिसतात. जमिनीवर अळी नाही, पानांवर बुरशी नाही, जनावर शिरल्याची मोठी खूणही नाही. माळरान, गायरान, पडीक जमीन किंवा वनक्षेत्रालगत फुलशेती करणाऱ्या शेतकऱ्यांना हा प्रकार ओळखीचा आहे. घरामागच्या परसबागेत आणि शेतघरासमोरच्या वाफ्यांतही असेच घडते. अनेकदा हे काम रानसशाचे असते.

ससा लहान असल्याने त्याच्याकडे दुर्लक्ष होते. रानडुक्कर किंवा रोही शेतात शिरला तर सगळे गाव जागे होते. ससा मात्र रात्री येतो, थोडे थोडे खातो आणि पहाटे निघून जातो. फुलपिकात हे थोडे थोडेच महाग पडते. दोन फूट बाय दीड फूट अंतरावर झेंडू लावला तर एकरी सुमारे १४,५०० रोपे बसतात. त्यातील पाच टक्के रोपे गेली तरी सव्वासातशे रोपांची तूट पडते. ती नंतर भरली तरी दसरा-दिवाळीचा बाजार त्या रोपांसाठी थांबत नाही. म्हणून ससा दिसल्यावर धावपळ करण्यापेक्षा लागवडीपूर्वीच तयारी केलेली बरी.

आधी ससा समजून घ्या

आपल्याकडे शेतात येणारा ससा हा पाळीव पांढऱ्या सशापेक्षा वेगळा प्राणी आहे. मानेच्या मागे काळा पट्टा असलेल्या या रानसशाचे शास्त्रीय नाव लेपस निग्रिकॉलिस. परदेशी माहितीत वाचायला मिळणारे काही उपाय बिळात राहणाऱ्या सशांसाठी असतात. ते जसेच्या तसे उचलण्यापूर्वी पुढील फरक लक्षात घ्यावेत.

- रानससा बीळ खणून राहत नाही. गवतात, झुडपाखाली, उसाच्या किंवा तुरीच्या आडोशाला अंगाच्या मापाचा उथळ खळगा करून तो दिवसभर बसून राहतो. त्यामुळे बिळे शोधून बुजवण्यात वेळ घालवू नये.
- तो संध्याकाळी अंधार पडता पडता बाहेर पडतो आणि पहाटेपर्यंत चरतो. दिवसा शेतात न दिसणे हा ससा नसल्याचा पुरावा होत नाही.
- त्याचे मागचे पाय लांब आणि ताकदीचे असतात. दीड-दोन फूट उंचीची जाळी तो सहज ओलांडू शकतो. मात्र खाली फट असेल तर उडी मारण्याऐवजी तो फटीतूनच शिरतो.
- ठरलेल्या वाटेने ये-जा करण्याची त्याला सवय असते. बांधावरच्या गवतात अशी अरुंद वाट स्पष्ट दिसते.
- त्याचे पुढचे दात आयुष्यभर वाढत राहतात. त्यामुळे कोवळ्या पानांबरोबर तो गुलाबाच्या नव्या फांद्या आणि लहान झाडांची सालही कुरतडतो.

उपद्रव कधी वाढतो? माळावरचे गवत वाळले की एप्रिल-मेमध्ये ठिबकवर वाढणारा फुलांचा प्लॉट हाच परिसरातील एकमेव हिरवा चारा उरतो. ऊसतोड झाली, गवत कापले किंवा शेजारचे पीक निघाले की सशांचा आडोसा जातो आणि ते नव्या जागा शोधतात. या दोन वेळांना लागवड असेल तर बंदोबस्त आधीच करावा. पावसाळ्यात बाहेर भरपूर चारा असतो, तरीही नर्सरीतून नुकतीच आलेली, खत-पाणी मिळालेली लुसलुशीत रोपे सशाला खेचतातच.

नुकसान सशाचेच आहे का?

चुकीच्या निदानावर केलेला खर्च पूर्ण वाया जातो. अळीने केलेल्या नुकसानीसाठी जाळी आणली किंवा सशाच्या नुकसानीसाठी कीटकनाशक फवारले, तर पुढच्या रात्री रोपे पुन्हा जाणारच. सकाळी ऊन चढण्यापूर्वी शेतात जाऊन खालील खुणा तपासा.

ससा : देठ चाकूने कापल्यासारखा तिरका आणि स्वच्छ तुटलेला असतो. कापलेला भाग बहुतेक खाल्लेला असतो. नुकसान जमिनीपासून दीड-दोन फुटांपर्यंतच दिसते. जवळपास वाटाण्याएवढ्या, गोल, कोरड्या, गवताचे तंतू दिसणाऱ्या लेंड्या विखुरलेल्या असतात.

शेळी, मेंढी, हरीण, रोही : या प्राण्यांना वरच्या जबड्यात पुढचे दात नसतात. ते पाला पकडून ओढतात. त्यामुळे तुटलेली कड फाटकी, धागे निघालेली दिसते. नुकसान जास्त उंचीपर्यंत असते आणि खुरांचे ठसे सापडतात.

रोपे कुरतडणारी अळी : रोप जमिनीलगत कापून तिथेच आडवे पडलेले असते. रोपाभोवतीची एक-दोन इंच माती उकरली तर वेटोळे करून बसलेली काळपट अळी सापडते.

उंदीर, घूस : बिळे आणि उकरलेल्या मातीचे ढीग दिसतात. कापलेले तुकडे बिळाच्या तोंडाशी ओढून नेलेले असतात.

साळिंदर : ग्लॅडिओलस, निशिगंध यांचे कंद उकरून खाल्लेले असतात. ससा कंद उकरण्याच्या मागे लागत नाही, तो वरचा पाला खातो.

गोगलगाय : पानांना वेडीवाकडी भोके पडतात आणि चमकदार, चिकट रेषा दिसते.

तरीही शंका राहिली तर एक सोपी चाचणी करा. नुकसान झालेल्या बाजूला संध्याकाळी दोन फूट रुंदीचा पट्टा मोकळा करून त्यावर बारीक माती किंवा चाळलेली राख पसरा. सशाचे ठसे ओळखायला सोपे असतात. पळताना त्याचे मागचे दोन मोठे पाय पुढे पडतात आणि पुढचे दोन लहान पाय त्यांच्या मागे उमटतात. ठसे कोणत्या दिशेने आले हेही पाहा. सशाची वाट कळली की जाळी कुठे सर्वांत मजबूत हवी ते कळते.

त्याच वेळी कडेची १०० आणि प्लॉटच्या मध्यातील १०० रोपे मोजून किती कापली गेली ते लिहून ठेवा. नुकसान फक्त एका बांधालगत असेल तर उपाय तिथून सुरू करा. आठ दिवसांनी पुन्हा मोजले की उपायाचा उपयोग झाला की नाही, हे अंदाजावर राहत नाही.

कोणत्या फुलांना धोका जास्त?

ॲस्टर, शेवंती, कार्नेशन, डायन्थस, पिटुनिया, पॅन्सी, सूर्यफूल यांची कोवळी रोपे सशाला आवडतात. उघड्यावरच्या जरबेऱ्याची पाने आणि गुलाबाचे नवे फुटवेही तो सोडत नाही. ग्लॅडिओलसची कोवळी पाती तो शेंड्याकडून खात खाली येतो.

सदाफुली, कण्हेर, अडेनियम, युफोर्बिया यांना ससे सहसा तोंड लावत नाहीत. यात कडू किंवा विषारी रस किंवा चीक असतो. परसबागेत बाहेरच्या रांगेत ही झाडे लावून आतल्या बाजूला नाजूक फुले घेता येतात. लहान मुले आणि जनावरे वावरत असतील तर कण्हेर लावताना विचार करावा, कारण तिचे सर्वच भाग विषारी आहेत.

झेंडूबद्दल मोठा गैरसमज आहे. उग्र वासामुळे ससा झेंडूच्या जवळ येत नाही, असे सांगून बागेभोवती झेंडूची रांग लावण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. वाढलेल्या, निबर झाडाकडे ससा कमी वळतो हे खरे. पण लागवडीनंतरच्या पहिल्या तीन-चार आठवड्यांत झेंडूचे रोपही खाल्ले जाते. बाहेर चारा नसेल तर ससा निवड करत बसत नाही. त्यामुळे झेंडूला कुंपण समजू नका. उलट झेंडूलाच कुंपणाची गरज असते.

सर्वांत खात्रीचा उपाय : जाळी

वास, आवाज, प्रकाश यांपेक्षा अडथळा अधिक काळ काम करतो. बाजारात मिळणारी षटकोनी तारेची कोंबडी जाळी यासाठी योग्य आहे. जाळी घेताना आणि लावताना पुढील गोष्टी पाळाव्यात.

- जाळीचे छिद्र १ इंचाचे असावे. दोन इंची छिद्रातून लहान पिल्ले आत शिरू शकतात.
- रोल ४ फूट रुंदीचा घ्यावा. त्यातील ६ इंच खाली बाहेरच्या बाजूला काटकोनात दुमडून जमिनीवर पसरले की साडेतीन फूट उंची उरते. ३ फुटी रोल स्वस्त पडतो, पण दुमडल्यावर अडीच फूटच उंची राहते आणि ती रानसशाला कमी पडते.
- दुमडलेला भाग दगड, माती किंवा तारेच्या खुंट्यांनी दाबावा. ससा जाळीच्या पायथ्याशी येऊन उकरू लागतो, तेव्हा तो याच पट्टीवर उभा असतो आणि खाली जाता येत नाही. काही दिवसांत त्यातून गवत उगवून पट्टी आपोआप पक्की होते.
- खांब ८ ते १० फुटांवर असावेत. वर आणि खाली एकेक साधी तार ताणून तिला जाळी बांधावी, म्हणजे मध्ये झोळ पडत नाही.
- फाटकाखालची फट ही सर्वांत दुर्लक्षित जागा आहे. फाटक बंद असताना खाली दोन बोटांपेक्षा जास्त जागा नसावी. तिथे विटांचा किंवा दगडाचा उंबरा करावा.
- पाण्याचा पाट जाळीखालून जात असेल तर त्या जागी पाइप टाकून त्याच्या तोंडाला जाळी बसवावी. कोरडा पाट म्हणजे सशासाठी तयार रस्ता.

खर्च काढताना प्लॉटचा आकार पाहा. जाळी क्षेत्रावर लागत नाही, परिघावर लागते. चौरस प्लॉट धरला तर एका गुंठ्याचा परिघ १३२ फूट, दहा गुंठ्यांचा सुमारे ४१७ फूट आणि एक एकराचा सुमारे ८३५ फूट येतो. म्हणजे गुंठ्यामागे जाळी अनुक्रमे १३२, ४२ आणि २१ फूट लागते. तेच दहा गुंठे ३३ फूट रुंद आणि ३३० फूट लांब पट्टीत असतील तर परिघ ७२६ फूट होतो. जाळीचा खर्च जवळपास पावणेदोन पट झाला.

यावरून दोन गोष्टी ठरवता येतात. पहिली, फुलांची लागवड विखरून करण्याऐवजी शक्यतो एका सलग, चौकोनी तुकड्यात करावी. दुसरी, शेजारी-शेजारी फुले घेणाऱ्या दोन-तीन शेतकऱ्यांनी मिळून बाहेरून एकच जाळी केली तर प्रत्येकाचा वाटा कमी होतो. नीट गुंडाळून ठेवलेली गॅल्व्हनाइज्ड जाळी पुढील हंगामांतही वापरता येते. त्यामुळे तिचा खर्च एकाच पिकावर टाकून हिशेब करू नये.

जाळी परवडत नसेल तर

सर्वांनाच एकदम जाळी घेणे शक्य नसते. धोक्याचा काळ मात्र मोजका आहे. लागवडीनंतरचे पहिले ३० दिवस निभावले की बहुतेक फुलपिकांचे देठ निबर होऊ लागतात आणि एखादा फुटवा गेला तरी झाड तग धरते. या काळापुरते पुढील उपाय करता येतात.

१. जुन्या साड्यांचे कुंपण : हा उपाय अनेक शेतकरी रानडुकरासाठी करतात. सशासाठी त्यात एक बदल हवा. साडीची खालची कड जमिनीपासून वर लटकत राहिली तर ससा खालून निघून जातो. साडी साधारण पावणेचार फूट रुंद असते. खालचे सहा इंच बाहेर पसरून त्यावर मातीचा भर द्यावा. वर सव्वातीन फूट आडोसा उरतो. पलीकडचे दिसत नसल्याने ससा उडी मारायला कचरतो. साडेपाच मीटरची साडी सुमारे १८ फूट भरते. प्रत्येक जोडावर एक फूट धरला तर दहा गुंठ्यांच्या चौरस प्लॉटला २५ ते २६ साड्या लागतात. वाऱ्याने फाटलेले भाग रोज संध्याकाळी पाहावेत. हे कुंपण एक हंगाम टिकते, त्यापेक्षा जास्त अपेक्षा ठेवू नये.

२. क्रॉप कव्हर : कलिंगड-खरबुजावर वापरले जाणारे पांढरे न विणलेले कापड कमानींवर टाकून दोन्ही कडा मातीने दाबल्यास फुलांची रोपे पहिले दोन-तीन आठवडे झाकून राहतात. रसशोषक किडींपासूनही संरक्षण मिळते. कापड रोपांवर टेकू देऊ नये. आत ओल आणि उष्णता जास्त राहते, म्हणून दर दोन-तीन दिवसांनी कड उचलून मर किंवा करपा दिसतो का, हे पाहावे. पावसाळी, ढगाळ हवामानात ही काळजी अधिक घ्यावी.

३. फक्त नर्सरीला जाळी : एकरभर क्षेत्राची रोपे काही मोजक्या गादीवाफ्यांवर तयार होतात. सगळ्या शेताला नाही तर निदान या वाफ्यांना जाळी करावीच. रोपवाटिकेतील एका रात्रीचे नुकसान म्हणजे पूर्ण लागवड तीन-चार आठवडे मागे.

४. परसबागेसाठी : वाफा लहान असेल तर फळांचे प्लॅस्टिक क्रेट रात्री रोपांवर उपडे ठेवून वर वीट ठेवावी आणि सकाळी काढावेत. गुलाबासारख्या एकट्या झाडाला दोन फूट उंच जाळीचा गोल करावा. एक फूट व्यासासाठी जोडासह साडेतीन फूट जाळी लागते. जाळी पानांना टेकत असेल तर ससा बाहेरूनच छिद्रातून पाला ओढतो, म्हणून चारही बाजूंनी तीन इंच मोकळी जागा ठेवावी. दोन्ही टोके कापलेली पाण्याची बाटली रोपाभोवती लावतात, ती कुरतडणाऱ्या अळीसाठी उपयोगी आहे. ससा मात्र वरून तोंड घालून शेंडा खातो.

वासाचे उपाय : मर्यादा ओळखून वापरा

अंड्याचे द्रावण हा त्यातल्या त्यात बरा घरगुती उपाय आहे. एक भाग फेटलेले अंडे आणि चार भाग पाणी या प्रमाणात मिसळून, बारीक फडक्यातून गाळून रोपांवर हलके फवारावे. अंड्याच्या वासामुळे चरणारे प्राणी तो पाला टाळतात. लसूण-मिरचीचा अर्क किंवा शेण-गोमूत्राचे पाणीही काही दिवस काम करते.

या सर्व उपायांची मर्यादा एकच आहे. फवारल्यानंतर फुटलेल्या नव्या पानांवर त्याचा थर नसतो आणि ससा नेमका नवा शेंडाच खातो. जोराचा पाऊस किंवा तुषार सिंचन झाल्यावर पुन्हा फवारावे लागते. वाढीच्या काळात साधारण आठवड्याने फवारणी करावी आणि दरवेळी तोच वास न ठेवता बदलून वापरावा. पहिल्यांदा आठ-दहा रोपांवर फवारून पाने भाजत नाहीत ना, हे दोन दिवस पाहावे. कळ्या दिसू लागल्यावर ही फवारणी थांबवावी, नाहीतर फुलांना डाग आणि वास राहतो. भुकेल्या सशापुढे, म्हणजे एप्रिल-मेमध्ये, केवळ वासावर विसंबून राहू नये.

चमकणाऱ्या फिती, बुजगावणे, रेडिओ, लुकलुकणारे दिवे यांना ससा काही दिवसांत सरावतो. वापरायचेच असतील तर दर तीन-चार दिवसांनी जागा बदला आणि पहिल्या दोन आठवड्यांपुरताच भरवसा ठेवा.

शेतातला कुत्रा चांगला राखणदार आहे. मात्र जुन्नर, शिरूर, संगमनेर यांसारख्या बिबट्यांच्या पट्ट्यात कुत्रा रात्री उघड्यावर बांधून ठेवू नये. कुत्र्याच्या मागे बिबट्या वस्तीजवळ येतो आणि सशापेक्षा मोठा प्रश्न उभा राहतो.

बांध आणि आजूबाजूची जागा

सशाला लपायला जागा असेल तरच तो प्लॉटजवळ मुक्काम करतो. लागवडीच्या कडेने ८ ते १० फुटांचा पट्टा तणमुक्त ठेवावा. प्लॉटलगत पडलेले फांद्यांचे ढीग, जुन्या पाचटाचे ढिगारे, न वापरलेल्या पाइपांचे गठ्ठे हलवावेत. मोकळ्या जागेत ससा जास्त वेळ थांबत नाही, कारण तिथे घुबड, कोल्हा, खोकड यांच्या नजरेस पडण्याची भीती असते.

स्वच्छता म्हणजे बांध पेटवणे नव्हे. आगीत सशाच्या पिल्लांबरोबर सरडे, पक्ष्यांची घरटी आणि मित्रकीटक जळतात. गवत कापून घ्यावे. प्लॉटपासून दूर असलेल्या बांधावरचे हिरवे गवत तसेच राहू द्यावे. सशाला बाहेर खायला मिळाले तर तुमच्या रोपांवरचा ताण कमी होतो. लसूणघासाचा तुकडा मात्र फुलांच्या अगदी शेजारी घेऊ नये. चाऱ्यासाठी आलेला ससा तिथून दोन उड्यांत फुलांत येतो.

हे उपाय करू नका

फासे, सापळे, विष : रानससा हा वन्यजीव (संरक्षण) अधिनियम १९७२ नुसार संरक्षित प्राणी आहे. त्याला मारणे, पकडणे, फास लावणे, विष घालणे आणि तसा प्रयत्न करणेही शिकारीच्या व्याख्येत येते. आपल्या शेतात आला म्हणून मारला, हे कारण चालत नाही. सशासाठी लावलेल्या फासात खोकड, कुत्रा, प्रसंगी बिबट्याही अडकतो. विषारी आमिष मोर आणि गुरेही खातात.

फोरेटच्या पुड्या : ‘थिमेट’ नावाने ओळखले जाणारे दाणेदार फोरेट फडक्यात बांधून बांधावर टांगण्याची पद्धत काही ठिकाणी अजून दिसते. फोरेटवर देशात ३१ डिसेंबर २०२० पासून बंदी आहे. ते अत्यंत विषारी आहे. घरात किंवा शेतात जुना साठा असेल तर तो वापरू नका, मुलांच्या हाती लागू देऊ नका.

कुंपणात थेट वीज : मेन लाइनची वीज तारेत सोडणे हा गुन्हा आहे आणि त्यात दरवर्षी माणसे मरतात. बॅटरीवर चालणारे, ठरावीक अंतराने झटका देणारे सौर कुंपण वेगळे. पण डुक्कर-रोहीसाठी उभारलेल्या अशा कुंपणाची खालची तार बहुधा फूटभर उंच असते आणि ससा खालून आरामात जातो. असे कुंपण आधीच असेल तर त्याच्या आतल्या बाजूला स्वतंत्र खांबांवर जाळी लावावी. जाळी आणि झटक्याची तार एकमेकांना चिकटू देऊ नये.

मासेमारीची जाळी जमिनीवर सैल सोडणे : यात धामणीसारखे उंदीर खाणारे साप अडकून मरतात. नायलॉनची जाळी वापरायची असेल तर ती ताणून बांधावी.

आणखी एक सूचना. गवत कापताना सशाचे एखादे एकटे पिल्लू सापडले तर ते आईविना पडले आहे, असे समजू नका. रानसशाची पिल्ले अंगावर केस असलेली, उघड्या डोळ्यांची जन्मतात. आई त्यांना लपवून दूर राहते आणि थोडा वेळ येऊन दूध पाजते. पिल्लू जखमी नसेल तर तिथेच राहू द्या, तेवढी जागा दोन दिवस उशिरा कापा. रानससा घरी पाळणेही कायद्याने गुन्हा आहे. जखमी प्राणी आढळल्यास वन विभागाच्या १९२६ या हेल्पलाइनवर कळवावे.

रोपे कापली गेली, आता काय?

घाईने सगळी रोपे उपटू नका. प्रत्येक पिकाची पुन्हा फुटण्याची क्षमता वेगळी असते.

- झेंडू : खालची दोन-तीन पाने शिल्लक असतील तर रोप ठेवा. पानांच्या बेचक्यातून फुटवे येतात. एरवी आपण शेंडा खुडतोच, ते काम सशाने लवकर केले असे समजा. अशा रोपाची वेगळी खुडणी करू नका. सगळी पाने गेली असतील, नुसता देठ उरला असेल तर नांग्या भरा.
- शेवंती : मुळे पक्की झाली असतील तर चांगली फुटते. वाढीला आधार आणि हलके पाणी द्या.
- ॲस्टर : मुख्य शेंडा गेला तर बाजूच्या फांद्यांना फुले येतात, पण ती लहान आणि उशिरा येतात. लागवडीला दहा दिवस झाले नसतील तर रोप बदलणे फायद्याचे.
- ग्लॅडिओलस : पाती खाल्ली तरी कंदातून वाढ सुरू राहते. फुलदांडा मात्र एकदा कापला गेला की त्या झाडाचे उत्पन्न गेले. दांडे निघण्याच्या काळात पुन्हा एकदा राखण वाढवा.

नांग्या भरण्याचे काम लागवडीपासून ८ ते १० दिवसांत संपवावे. उशिरा भरलेली रोपे शेजारच्या झाडांच्या सावलीत दबतात. झेंडूला लागवडीपासून साधारण ६० ते ६५ दिवसांत फुले सुरू होतात. दसऱ्याच्या तारखेपासून मागे मोजून पाहा. तेवढे दिवस उरले नसतील तर नवे रोप लावण्यापेक्षा जुन्याच रोपाला फुटू द्यावे. म्हणूनच रोपे मागवताना किंवा तयार करताना दहा टक्के जास्त धरावीत आणि ती जाळीतच ठेवावीत.

कापलेली रोपे लवकर वाढावीत म्हणून युरियाचा जादा डोस देण्याचा मोह होतो. तो टाळा. जादा नत्राने फूट लुसलुशीत येते, तिच्याकडे ससा आणि मावा दोघेही वळतात. शिफारशीचीच मात्रा विभागून द्यावी.

पहिल्या ३० दिवसांचे वेळापत्रक

- लागवडीपूर्वी १५ दिवस : बांधावर सशाच्या वाटा आणि लेंड्या पाहा. कडेचा पट्टा साफ करा. परिघ मोजून जाळी किंवा साड्यांची जुळवाजुळव करा.
- लागवडीच्या आदल्या दिवशी : कुंपण पूर्ण करा. रोपे लागल्यावर ‘उद्या बांधू’ असे म्हणू नका. पहिली रात्रच धोक्याची असते.
- १ ते १० दिवस : रोज सकाळी कडेने एक फेरी. फट, फाटक आणि पाट तपासा. नांग्या भरा.
- ११ ते २० दिवस : कडेची आणि मधली १०० रोपे पुन्हा मोजा. नुकसान सुरूच असेल तर ससा कुठून येतो ते राखेच्या पट्ट्याने शोधा.
- २१ ते ३० दिवस : क्रॉप कव्हर काढा. जाळी-साड्यांचे कुंपण मात्र कळ्या येईपर्यंत राहू द्या.

यंदा सगळे उपाय एकदम जमले नाहीत तरी चालेल. फाटकाखालची फट बुजवा, जाळीची खालची सहा इंच पट्टी दाबा आणि नर्सरीला जाळी करा. पुढच्या लागवडीच्या आधी संध्याकाळी एकदा बांधावरून चालत जा आणि गवतातल्या त्या अरुंद वाटा कुठे उघडतात ते पाहून ठेवा. कुंपणाचे काम तिथूनच सुरू करावे.